पाण्यामागून इंगलबरो

तीस वर्षं मी साताऱ्याजवळच्या एका शाळेत भूगोल शिकवला. दरवर्षी ‘भूमिगत पाण्याचे कार्य’ हा भाग आला की फळ्यावर तीच आकृती काढायची. वर चुनखडकाचं पठार, त्यात एक विवर, विवरात शिरणारा ओढा, आत गुहा, गुहेच्या छतातून उतरणारा अधोमुखी लवणस्तंभ आणि त्याच्याखाली ऊर्ध्वमुखी. मुलं विचारायची, “बाई, हे बघायला कुठं मिळंल?” आमच्याकडं नजर जाईल तिथं काळा पाषाण. मग मी आंध्रातल्या बोरा गुहांचं नाव सांगायचे, मेघालयाचं सांगायचे आणि पुढच्या मुद्द्याकडं वळायचे. त्यातलं काहीच मी स्वतः पाहिलेलं नव्हतं.

निवृत्तीनंतर लेकीकडं इंग्लंडमध्ये लीड्सला आले, तेव्हा दुसऱ्याच आठवड्यात ती म्हणाली, “आई, तुझी फळ्यावरची आकृती इथून सव्वा तासावर आहे. इंगलबरो नावाचा डोंगर.” आम्ही मे महिन्याचा शेवटचा आठवडा ठरवला. त्यामागं एक खास कारण होतं, ते पुढं येईलच.

पहिला दिवस : क्लॅपम आणि उपरे दगड

लीड्सहून क्लॅपमला दिवसातून मोजक्याच गाड्या जातात. स्किप्टन मागं पडलं तशी घरं विरळ झाली आणि दोन्ही बाजूंना हिरवी कुरणं सुरू झाली. कुरणाकुरणांत दगडी गडगे. कोकणात रचतात तसेच, चुना-माती न लावता, दगडावर दगड बसवून. फरक एवढाच की हे गडगे डोंगराच्या पार माथ्यापर्यंत चढत गेलेले दिसतात. जिगलसविक सोडल्यावर थोड्या वेळानं लेकीनं खिडकीतून बोट दाखवलं आणि माझ्या तोंडून आपसूक निघालं, “अगं, हा तर अजिंक्यतारा!”

खरंच तसाच. माथा सुरीनं कापल्यासारखा सपाट, आणि बाजू पायऱ्यापायऱ्यांनी उतरणाऱ्या. उंची ७२३ मीटर, म्हणजे कळसूबाईच्या निम्म्याहूनही कमी. पण आजूबाजूला अंगाला अंग लावून उभे असलेले डोंगर नाहीत, त्यामुळं हा एकटा पोराटोरांत बसलेल्या आजोबांसारखा ठसठशीत दिसतो. नावातला ‘बरो’ हा जुन्या इंग्रजीतल्या किल्ल्यासाठीच्या शब्दावरून आलेला. म्हणजे हाही गडच.

स्टेशन गावापासून दोनेक किलोमीटर लांब आहे. चालत गेलो. क्लॅपम हे यॉर्कशर डेल्स या डोंगरदऱ्यांच्या प्रदेशाच्या नैर्ऋत्य कडेचं लहानसं गाव, मधोमध ओढा, ओढ्यावर छोटे दगडी पूल आणि दोन्ही काठांना घरं. ओढ्याला इकडं ‘बेक’ म्हणतात, हा क्लॅपम बेक. पाणी इतकं निवळ की तळातला गोटा न् गोटा मोजावा. आम्ही ज्यांच्याकडं उतरलो होतो त्या बाईंना मी सहज विचारलं, हे पाणी येतं कुठून? त्या म्हणाल्या, “डोंगराच्या आतून.” डोंगरावरून नव्हे, आतून. तो शब्द मी रात्री वहीत लिहून ठेवला, आणि पुढचे तीन दिवस आम्ही त्या एका शब्दाच्या मागं फिरलो असं म्हटलं तरी चालेल.

दुपारी नॉर्बरला निघालो. गावाबाहेर पडताना वाट दोन अंधाऱ्या दगडी बोगद्यांतून जाते. इथल्या फॅरर या जमीनदार घराण्यानं आपल्या बागेतून गावकऱ्यांची ये-जा नको म्हणून वाटच जमिनीखाली घातली. मला ते बरं वाटलं नाही. बाहेर आल्यावर मात्र कुरणांचा चढ, हॉथॉर्नची झुडपं पांढऱ्या फुलांनी लगडलेली, आणि वर टिटवीच्या जातीचे पक्षी ओरडत घिरट्या घालत होते. इथल्या टिटवीच्या डोक्यावर तुरा असतो, पण कुणी पिल्लांच्या जवळ गेलं की तिचा कालवा तोच.

आणि मग नॉर्बर. पांढुरक्या चुनखडकाच्या उतारावर काळपट, खरबरीत, बैलगाडीएवढाले दगड. शेकड्यांनी. हे चुनखडक नव्हेत. आजूबाजूला, वर, कुठंच या जातीचा कडा नाही. हे दगड सुमारे ४३ कोटी वर्षांपूर्वीचे, आणि ज्या चुनखडकावर ते बसलेत तो साधारण ३३ कोटी वर्षांचा. म्हणजे आजोबा नातवाच्या खांद्यावर. हे कसं? शेवटच्या हिमयुगात क्रमकडेल नावाच्या शेजारच्या दरीतून हिमनदी सरकत आली, तिनं तळातले जुने खडक उपटले, उतारावर वाहून आणले, आणि बर्फ वितळल्यावर ते जिथल्या तिथं राहिले. मी वर्गात यांना ‘उपरे दगड’ म्हणायचे. पाठ्यपुस्तकात नसलेला शब्द, पण मुलांच्या लक्षात राहायचा.

यातल्या काही दगडांनी मला तासभर तिथून हलू दिलं नाही. त्यांच्याखाली चुनखडकाचा बुटका चौथरा आहे, दीड-दोन विती उंच. काळा दगड चौथऱ्यावर, आणि भोवतालची जमीन खाली. पाऊस हवेतला आणि मातीतला कार्बन डायऑक्साइड घेऊन किंचित आम्ल होतो आणि चुनखडक विरघळवतो. दगडाखालचा भाग मात्र छत्रीखाली राहिल्यासारखा कोरडा राहिला. भोवतालचा खडक झिजत झिजत खाली गेला, छत्रीखालचा तेवढा उरला. मी गुडघ्यांवर बसून चौथऱ्यावर हात ठेवला. हिमनदी गेल्यापासूनच्या हजारो वर्षांच्या पावसाचं माप माझ्या दोन विती. एवढी सोपी मोजपट्टी मी कुठल्या पुस्तकात पाहिली नव्हती.

दुसरा दिवस : डोंगराच्या आत

सकाळी ओढ्याच्या उलट दिशेनं, वर निघालो. गावाच्या वरच्या अंगाला फॅरर घराण्यानं ओढा अडवून केलेलं तळं आहे, भोवती गर्द झाडी. या घराण्यातला रेजिनल्ड फॅरर (१८८०–१९२०) हा वनस्पतींच्या शोधात चीनच्या डोंगरांत फिरलेला माणूस. तिकडून बिया आणायचा आणि इथं लावायचा. बंदुकीत बिया भरून समोरच्या कड्यावर झाडल्या, अशीही गोष्ट त्याच्याबद्दल सांगतात. श्रीलंकेला जाऊन आल्यावर तो बौद्ध झाला आणि चाळिशीतच उत्तर ब्रह्मदेशात वारला. तळ्याकाठचे बांबू आणि ऱ्होडोडेंड्रॉन बघताना मला वाटलं, पूर्वेकडच्या कुठल्या डोंगराचा तुकडाच कुणीतरी इथं ठेवलाय. झाडीखाली रानलसणाची पांढरी फुलं पसरलेली होती आणि सगळ्या वाटेला फोडणीत लसूण टाकल्यासारखा वास.

तळं संपलं, झाडी संपली, दरी अरुंद झाली आणि एका कड्याच्या पायथ्याशी ओढाच संपला. म्हणजे आम्ही त्याच्या सुरुवातीला पोचलो. बेक हेड. कड्याखालच्या फटीतून पाणी नुसतं उकळल्यासारखं बाहेर येतंय. वर कड्यावर कोरडी गवताळ जमीन. बाईंचं वाक्य खरं होतं, पाणी आतूनच येतं.

शेजारीच इंगलबरो गुहेचं तोंड. १८३७ पर्यंत आत थोडंच जाता यायचं. पुढं चुन्याचा साचलेला बांध होता आणि बांधामागं पाणी. तो बांध फोडल्यावर पाणी वाहून गेलं आणि आतली लांब गुहा उघडी पडली. आता साधारण अर्धा किलोमीटर चालत जाता येतं. शिरस्त्राण घालून आम्ही दहा-बारा जण आत गेलो. थंडी वर्षभर तीच, आठ-नऊ अंशांची. वाटाड्या तरुण मुलगा होता. त्यानं एका जागी सगळ्यांचे दिवे बंद करायला सांगितले, आणि मग टप्... टप्... एवढंच उरलं.

दिवे लागले तेव्हा माझ्या डोक्यावर एक अधोमुखी लवणस्तंभ होता, नळीसारखा बारीक, पेन्सिलीइतका. टोकाला थेंब. थेंब फुगत गेला, क्षणभर लोंबला, पडला. त्या थेंबातला थोडासा चुना वर नळीच्या ओठाला राहिला आणि थोडा खालच्या बुटक्या स्तंभाच्या टाळक्यावर जाऊन बसला. तीस वर्षांत मी ही आकृती किती वेळा काढली असेल, पण तो थेंब पडताना मी पहिल्यांदा पाहत होते. लेकीनं माझा हात धरला होता. ती काही बोलली नाही, मीही नाही.

बाहेर येऊन वर चढलो. पुढं ट्राऊ गिल. ‘गिल’ हा नॉर्स शब्द, हजारेक वर्षांपूर्वी या बाजूला येऊन वसलेल्या लोकांनी आणलेला. अर्थ अरुंद दरी. आपली ‘घळ’ आणि त्यांची ‘गिल’ उच्चारानं इतक्या जवळ की शिवथरच्या घळीची आठवण झाल्यावाचून राहिली नाही. दोन्ही बाजूंना उंच कडे, मध्ये दोन माणसं जेमतेम शेजारी चालतील एवढी वाट. पण घळीत पाण्याचा टिपूस नाही. हिमयुगाच्या शेवटी जमीन गोठलेली होती, भेगा बर्फानं बुजल्या होत्या, तेव्हा वितळलेलं पाणी आत मुरू शकलं नाही आणि वरूनच धावत सुटलं. त्या पाण्यानं ही घळ कापली. नंतर जमीन मोकळी झाली, पाणी भेगांतून आत गेलं आणि घळ कोरडी पडली. सह्याद्रीत कोरडी घळ म्हणजे उन्हाळा. ही घळ पावसाळ्यातही कोरडीच, कारण पाणी तिच्या पायाखालून जातं.

घळीच्या वरच्या तोंडातून बाहेर पडलो की मोकळा माळ. आणि माळावर तंबू! हेच ते खास कारण. इथं गेपिंग गिल नावाचं विवर आहे. फेल बेक हा ओढा इंगलबरोच्या उतारावरून वाहत येतो आणि या विवरात सरळ उडी घेतो. जवळजवळ ९८ मीटर, थेट तळापर्यंत. १८४२ मध्ये जॉन बर्कबेक नावाच्या माणसानं उतरायचा प्रयत्न केला, पण एका कंगोऱ्यापलीकडं त्याला जाता आलं नाही. त्या कंगोऱ्याला आजही त्याचंच नाव आहे. तळापर्यंत पहिला पोचला तो फ्रेंच माणूस एदुआर मार्तेल, १८९५ साली, दोराच्या शिड्यांवरून. आता वर्षातून दोनदा, मे अखेरीस आणि ऑगस्ट अखेरीस, गुहाप्रेमींची मंडळं तिथं यारी उभी करतात आणि कुणालाही खुर्चीत बसवून खाली सोडतात. मे महिन्यातला मान ब्रॅडफर्ड पॉटहोल क्लबचा. सगळे हौशी लोक, सुट्टी घेऊन आलेले.

नाव लिहिलं, क्रमांक मिळाला, दोन तास थांबायचं होतं. गडग्याच्या आडोशाला बसून दशमी आणि शेंगदाण्याची चटणी खाल्ली. मला भीती वाटत होती. लेक म्हणाली, “आई, नको असेल तर नको.” मी म्हटलं, “तीस वर्षं मुलांना या ओढ्याचा बाण काढून दाखवला. आता मी परत जाणार नाही.”

आमचा क्रमांक आला. लोखंडी खुर्ची, मांडीवर आडवा दांडा. एका दाढीवाल्या आजोबांनी कोपर आत घ्यायला सांगितलं आणि पायाखालची फळी बाजूला केली. मग खाली गेले. पहिल्या क्षणी नेचे आणि शेवाळ, ओला काळा खडक हाताच्या अंतरावर. मग खडक मागं हटला, उजेड वर राहिला, आणि अंगावर पाणी आलं. पाऊस नव्हे, धबधब्याचे तुषार. भिंतीच दिसेनाशा झाल्या. जेमतेम मिनिटभरात पाय गोट्यांवर टेकले आणि मी दांडा सोडून बाजूला झाले तेव्हा गुडघे थरथरत होते.

मान वर केली. वर, खूप वर, पानाएवढं आभाळ. त्यातून उजेडाचा तिरका पट्टा खाली उतरत होता आणि त्या पट्ट्यात पाणी पडत होतं. सुटंसुटं, थेंबाथेंबांनी, इतक्या उंचीवरून की ते पडताना संथ वाटत होतं. भोवतालचं दालन केवढं? यॉर्कच्या मोठ्या चर्चशी त्याची तुलना करतात. मला तेवढं मोजता येत नव्हतं, मी नुसती उभी राहिले. ठोसेघरचा धबधबा आपण समोरच्या कड्यावरून बघतो. इथं मी धबधब्याच्या पोटात होते. आणि सगळ्यात नवल कशाचं, तर एवढं पाणी पडतंय आणि तळाला तळं नाही. पाणी गोट्यांत शिरतं आणि जातं.

कुठं जातं? सकाळी पाहिलेल्या बेक हेडला. तिथून क्लॅपमच्या पुलांखाली. या विवरापासून इंगलबरो गुहेपर्यंत पाण्यातून वाट काढत जाणं १९८३ मध्ये पाणबुड्या गुहाशोधकांना जमलं. पाणी मात्र हजारो वर्षं जातच होतं. काल संध्याकाळी मी ज्या ओढ्यात हात धुतले, त्याच्या डोक्यावर आज मी उभी होते.

तिसरा दिवस : सडा आणि माथा

रात्री जावई गाडी घेऊन आले, त्यामुळं आज डोंगराच्या दुसऱ्या, वायव्येच्या अंगाला, चॅपल-ली-डेलला जाता आलं. माथ्याची वाट इथून सदरस्केल्सच्या कुरणांतून निघते, आणि पहिल्या अर्ध्या तासातच मी थबकले. समोर सडा होता.

दुसरा शब्द मला सुचत नाही. कास पठारावर ज्यांनी कातळाचा सडा पाहिलाय त्यांना मी काय म्हणते ते कळेल. उघडा, सपाट, पायाखाली खणखणणारा दगड, दूरवर. कासचा सडा जांभ्याचा, तांबडा. हा चुनखडकाचा, पांढुरका-करडा, आणि उभ्या-आडव्या भेगांनी फरशीसारखा कापलेला. फरशीच्या तुकड्याला इथले लोक ‘क्लिंट’ म्हणतात आणि भेगेला ‘ग्राइक’. हिमनदीनं वरची माती आणि सैल दगड खरवडून नेले, पुढं पावसानं भेगा रुंद केल्या. काही भेगा मांडीएवढ्या खोल आहेत.

वरून बघितलं तर सगळं ओसाड. पण मी एका भेगेवर पालथी पडून आत डोकावले. आत जंगल होतं! जिभेसारख्या लांब पानांचं हिरवंगार नेचं, त्याखाली गुलाबी फुलांचा हर्ब रॉबर्ट, भिंतीला मऊ शेवाळ, एका कोपऱ्यात बोटभर उंचीचं ॲशचं रोप. वारा लागत नाही, ओल टिकते आणि मेंढरांचं तोंड पोचत नाही. वर मेंढरांनी गवत गालिच्यासारखं कुरतडलेलं आणि वीतभर खाली, भेगेत, रान. जवळच्या ओलसर जागेत गुलाबी प्रिम्युलाची फुलं होती, नखाएवढी, मधोमध पिवळा ठिपका. कासला सप्टेंबरात जमिनीला डोळे लावून बघावं लागतं, अगदी तसंच.

या सड्यांचे दगड पाण्यानं कोरलेले, वळणदार. म्हणून एकेकाळी बागांमध्ये रचायला ते उपटून विकले जात. सड्याचा दगड गेला की तो पुन्हा येत नाही, त्याला घडवायला हिमयुग लागतं. १९८१ च्या वन्यजीव कायद्यानं या सड्यांना संरक्षण देण्याची सोय झाली आणि हे वाचले. आपल्याकडं कोकणातल्या सड्यांना सरकारदप्तरी पडीक जमीन म्हणतात, चिऱ्याच्या खाणी लागतात, आणि कातळावरची फुलं त्याखाली जातात. त्या दगडावर बसून मला आपल्या सड्यांची फार काळजी वाटली.

वाटेत ब्रेथवेट वाइफ होल लागतं, नरसाळ्यासारखं भलंमोठं विवर. आणि इथंच डोंगराची सगळी रचना मला एकदम उलगडली. खालचा थर जाड चुनखडकाचा, सुमारे दोनशे मीटर. त्यावर शेल (चिखलाचा झालेला मऊ खडक), वाळूचा खडक आणि चुनखडक यांचे पातळ थर आलटूनपालटून. कठीण थर उभा राहतो, मऊ झिजतो, म्हणून त्या पायऱ्या. सह्याद्रीच्या पायऱ्या लाव्हाच्या, या गाळाच्या. सगळ्यात वर खरबरीत वाळूच्या खडकाची टोपी. पाऊस माथ्यावर पडतो, शेलमधून आत मुरत नाही, ओढे होऊन खाली वाहतो, आणि जिथं जाड चुनखडकाला पाय लागतो तिथं गडप होतो. म्हणून डोंगराच्या कमरेभोवती ४०० मीटरच्या आसपास विवरांचा करगोटाच बांधलाय. गेपिंग गिल त्यातलंच एक.

पुढं दलदलीवर फरश्या टाकलेली वाट आहे आणि मग छातीवरचा चढ. जावयांनी पाठपिशवी घेतली. शेवटच्या टप्प्यात धुकं आलं, वारा वाढला, आणि माथ्यावर पोचलो तेव्हा हाताएवढ्या अंतराचं दिसेना. माथ्याच्या मध्यावर अधिक चिन्हाच्या आकाराचा दगडी आडोसा आहे, १९५३ मध्ये एलिझाबेथ राणीच्या राज्याभिषेकाच्या वेळी बांधलेला. वारा कुठूनही येवो, एक कोपरा सापडतोच. तिथं बसून चहा प्यायलो.

पायाखाली तो टोपीचा खडक. मिलस्टोन ग्रिट. नावातच जातं आहे, कारण याचीच जाती व्हायची. तळवा फिरवला तर गारगोटीचे कण हाताला बोचतात. आजीच्या जात्याला पाथरवटानं नुकतीच टाकी लावली की दगड असाच लागायचा. एका मोठ्या नदीच्या त्रिभुजप्रदेशात साचलेली ही वाळू. आणि त्याखालचा चुनखडक विषुववृत्ताजवळच्या उथळ, कोमट समुद्रात तयार झालेला. सकाळी सड्यावर मला मण्यांसारख्या गोल चकत्या दगडात रुतलेल्या दिसल्या होत्या, ते त्या समुद्रातल्या समुद्रकमळांच्या देठांचे तुकडे.

धुकं विरळ झालं तसे आम्ही कडेकडेनं फिरलो. माथा साधारण पंधरा एकरांचा. कडेला पडझड झालेल्या तटाचे दगड, आत झोपड्यांची गोल जोती. लोहयुगातली ही वस्ती की गड, यावर जाणकारांत मतभेद आहेत. तटाच्या आत उभं राहिल्यावर माझं मन गडाच्याच बाजूनं होतं. फक्त एक गोष्ट खटकली. आपल्या गडावर पहिलं काय बघतो, तर टाकं. कातळात खोदलेलं पाण्याचं टाकं. ते मला इथं कुठं दिसलं नाही. गावाला पाणी मिळतं ते खाली, चुनखडक संपतो तिथं. क्लॅपमसारखी गावं डोंगराच्या पायथ्याशी का बसली, हे त्या तटावर कळलं.

आभाळ उघडलं तेव्हा पश्चिमेला मोरकंबच्या उपसागराची चकाकी दिसली, उत्तरेला ७३६ मीटरचा व्हर्नसाइड, पूर्वेला ६९४ मीटरचा पेनिगेंट. हे तीन डोंगर मिळून ‘थ्री पीक्स’. सुमारे ३९ किलोमीटर चालून एका दिवसात तिन्ही माथे गाठणारे लोक आमच्या बाजूनं घामाघूम पळत गेले. मला मात्र एका डोंगराला चार दिवस कमी पडत होते.

उतरल्यावर रिबलहेडचा रेल्वेपूल पाहिला, २४ कमानींचा, १८७० च्या दशकात बांधलेला. चॅपल-ली-डेलच्या छोट्या चर्चच्या आवारात या रेल्वेवर काम करताना अपघातात आणि देवीच्या साथीत गेलेल्या मजुरांना आणि त्यांच्या बायकामुलांना पुरलं आहे, दोनशेहून जास्त जणांना. बोरघाटाची रेल्वे १८६३ ची. तिथल्या मजुरांची नावं आपण कुठं कोरली आहेत का, असं जावयांनी विचारलं. उत्तर माझ्याकडं नव्हतं.

चौथा दिवस : जोत्याशी

डोंगराच्या कडेला, आत आणि वर जाऊन झालं. राहिला पाया. तो बघायला इंगलटन गावाच्या धबधब्यांच्या वाटेनं गेलो. साधारण सात किलोमीटरची फेरी, १८८५ पासून लोकांना खुली. ही दरी शेजारच्या किंग्जडेलची, तिचं पाणी इंगलबरोचं नव्हे, पण थर तेच.

ओकच्या झाडीतून, लाकडी पुलांवरून जात जात थॉर्नटन फोर्सला पोचलो. १४ मीटरांचा धबधबा, उंचीनं साधाच. पण त्याच्या मागचा कडा बघावा. वरच्या भागात चुनखडकाचे थर आडवे, वह्यांची चळत रचल्यासारखे. खालच्या भागात थर जवळजवळ उभे. हा जुना स्लेटचा खडक, सुमारे ४८ कोटी वर्षांपूर्वीचा. तो समुद्रात साचला, कवच दुमडलं तेव्हा उभा झाला, झिजून सपाट झाला, मग त्यावर नवा समुद्र चढला आणि चुनखडक साचू लागला. दोघांच्या मधल्या पंधराएक कोटी वर्षांची नोंद इथं गहाळ आहे.

पाणी कमी होतं, म्हणून बाजूनं कड्यापर्यंत जाता आलं. जोडावर वीतभर जाडीचा गोट्यांचा थर आहे, त्या नव्या समुद्राच्या किनाऱ्यावरचे गोटे, दगडात घट्ट बसलेले. मी अंगठा वरच्या चुनखडकावर ठेवला आणि करंगळी खालच्या स्लेटवर. वरचा खडक पाणी आत घेतो, खालचा घेत नाही. डोंगरात शिरलेलं पाणी उतरत उतरत या खालच्या खडकापर्यंत आलं की अडतं आणि मग बाजूनं वाट काढत बाहेर पडतं. हातावर तुषार उडत होते.

समोरच्या गवतावर बसून मी वहीत आकृती काढली, या वेळी पूर्ण. टोपी, पायऱ्या, करगोटा, जाड चुनखडक आणि खाली उभ्या रेघांची स्लेट. फोटो काढला आणि शाळेत माझ्या जागेवर आलेल्या सरांना पाठवला. आम्ही गाडीपाशी पोचेपर्यंत त्यांचं उत्तर आलं होतं. “बाई, फार छान. जूनमध्ये नववीला हीच दाखवतो. पण आत गेलेलं पाणी नेमकं कुठून बाहेर काढायचं, तिथं बाण राहिलाय.”

गाडीच्या टपावर वही ठेवून मी चुनखडक आणि स्लेट यांच्या मधल्या रेघेवर बाण काढला, त्याच्या टोकाशी लहानसा पूल आणि पुलाशेजारी दोन घरं काढली, आणि पुन्हा पाठवलं.